माळ रिकामा नव्हता

आमच्या माळावर एकही झाड नव्हतं. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे नागपुरात एका दिवाणखान्यात शहाण्यासुरत्या माणसांनी तिथं झाडं पाहिली, त्यांच्या सावल्यांची तोंड भरून तारीफ केली, आणि मी मागच्या रांगेत पदर तोंडाशी धरून गप्प बसून राहिले. झाड असतं तर आम्ही त्याखाली बसलो नसतो का? माळावर होतं ते कुसळीचं गवत, मधूनमधून उघडा पडलेला मुरूम, आणि उगवतीच्या अंगाला कमरेइतक्या उंचीची निवडुंगाची आड, म्हणजे कुंपण. आडेपलीकडे उतार, उताराच्या तळाशी नाला, आणि नाल्याच्या काठावर गोड्या पाण्याची विहीर. गाव मावळतीला. उत्तरेकडे उघडं रान पसरलेलं आणि त्याच्या शेवटाला डोंगराची एक लांब ओळ.

गाव बुलढाण्याकडचं, धाडच्या अलीकडचं. नाव सांगत नाही, कारण तिथं अजून आमची माणसं नांदतात. मी चिखलीहून तिथं सून म्हणून आले. चिखलीला आमचं घर बाजारपेठेला लागून, मला चार इयत्ता झालेल्या, आणि जीभ त्याहून जास्त चालायची. सासरी पहिल्या आठवड्यातच मला गावातली बायकांची वाट समजावून देण्यात आली. चावडीवर आणि मारुतीच्या पारावर पुरुष सकाळपासून बसलेले असत. तिथून जायचं तर वहाणा काढून हातात घ्यायच्या, पदर नाकापर्यंत ओढायचा आणि मान खाली घालून भिंतीकडेनं सरकायचं. बसलेल्यांत कुणाचा सासरा असायचा, कुणाचा भासरा, म्हणजे मोठा दीर. नात्यातलं कुणी नसलं तरी वयानं मोठं कुणीतरी असायचंच. पुरुष तिथं दिवसभर काय करत होते ते मला कधी कळलं नाही. बहुधा आम्ही वहाणा काढतो की नाही ते बघत असावेत.

म्हणून आम्हाला माळ होता. तिथं पुरुष फिरकत नसत, याचं कारण सोपं, सावली नव्हती. पाणी घेऊन विहिरीवरून चढून आलं, निवडुंगाच्या आडेतल्या खिंडीतून बाहेर पडलं की समोर सगळा माळ मोकळा. तेवढ्या पट्ट्यात पदर खांद्यावर पडला तरी चालायचा. मोठ्यानं बोलता यायचं, सासवांना यथेच्छ शिव्या देता यायच्या. मी त्या घरात आल्यावर पहिल्यांदा खळखळून हसले ती माळावर. आता तिथं ओटा आहे, लिंबाचं झाड आहे. फिल्मचं नाव झाल्यावर गावच्या पुरुषांना वाटलं, आपल्या माळात एवढं बघण्यासारखं आहे तरी काय, बसून पाहावं. ओटा बांधला, लिंब लावला, आणि सावली धरल्याबरोबर येऊन बसले. बायका आता तिथंही वहाणा हातात घेतात.

फिल्म काढली आमच्या मालकांनी. ते मुंबईला चित्रकला शिकून आलेले, चिखलीच्या शाळेत चित्रकलेचे मास्तर होते. शाळेत त्यांचं मन रमत नव्हतं. मुलांनी तांब्या, केळं आणि कमळ काढायचं, दुसरं काही नाही, याचा त्यांना मनस्वी कंटाळा होता. बदली होऊन चाललेल्या एका गोऱ्या इंजिनिअराकडून त्यांनी चावीचा कॅमेरा मिळवला आणि लांब रजा टाकून घरी आले. लोखंडी पेटी, पुढे काचेचा डोळा, बाजूला चावी, आणि उभं करायला तीन पायांची लाकडी घोडी. गावात बातमी पसरली की मास्तर सिनेमा काढणार. चिखलीच्या जत्रेत तंबूतला सिनेमा बघून आलेले लोक विचारायला लागले की देव कोण होणार आणि राक्षस कोण. मालक म्हणाले, कुणीच नाही. गोष्ट नाही, माणसं नाहीत, नुसतं रान. उजेड रानावरून कसा सरकतो आणि डोळा ते कसं बघतो, एवढंच त्यांना पाहायचं होतं. लोक हसले. सासूबाई म्हणाल्या, रान तर दारातून फुकट दिसते.

मला मात्र ते आवडलं होतं. हे मी कबूल करते, नाहीतर कुणाला वाटायचं की मी जन्मतः कजाग. मालक जाड पुठ्ठे घेऊन बसत आणि त्यांत चाकूनं खिडक्या पाडत. एक चौकोनी, एक आडवी फट, एक उभी, एक कुलपाच्या भोकासारखी. ते पुठ्ठे कॅमेऱ्याच्या डोळ्यासमोर धरायचे, म्हणजे तेवढ्यातूनच रान दिसेल. पुठ्ठा चकाकू नये म्हणून त्याला काळं करायचं काम माझं. एरंडेलाच्या दिव्यावर परात धरून मी काजळी पाडायची आणि बोटांनी पुठ्ठ्यावर चोळायची. हाताची काळी बोटं घेऊन मी एकदा त्यातल्या एका खिडकीतून घर बघितलं. जाऊबाई ताक घुसळत होत्या. पुठ्ठा जरासा बाजूला सरकवला तर जाऊबाई गेल्या, त्यांचे हात गेले, नुसता माठ आणि रवी राहिली. रवी आपोआप गरगर फिरायला लागली. मला इतकं हसू आलं. मालकांना बोलावून दाखवलं. ते पुठ्ठ्यातून कितीतरी वेळ बघत राहिले आणि म्हणाले, हेच मला पाहिजे. त्या दिवशी मला वाटलं, आपला नवरा चारचौघांसारखा नाही. तसा तो नव्हताच.

जाऊबाईंबद्दल इथंच सांगते. भासऱ्यांचं लग्न झालं तेव्हा मालक लहान होते आणि सासूबाई कायम आजारी. जाऊबाई स्वतः पोरसवदा, पण धाकट्या दिराला न्हाऊ घालण्यापासून भरवण्यापर्यंत सगळं त्यांनी केलं. ताप आला की मालक आईला नाही, वहिनीला हाक मारायचे. मुंबईला शिकायला पाठवायचं तर घरात सगळे विरोधात होते, तेव्हा जाऊबाईंनी दोन दिवस अन्न सोडलं होतं म्हणे. माझ्या हातचं पोर आहे, असं त्या त्यांच्या तोंडावर म्हणायच्या, आणि मालकांना ते आवडायचं. जाऊबाईंना स्वतःचं मूल नव्हतं. आधीची दोन हाती लागली नव्हती. त्या वर्षी पुन्हा दिवस गेले होते. सहावा महिना लागला आणि या खेपेला सगळं सुरळीत चाललं होतं. त्यांनी माझ्या जुन्या चोळीच्या खणाचं एक लहान टोपडं शिवून डाळीच्या मडक्यामागे लपवून ठेवलं होतं. नजर लागू नये म्हणून कुणाला दाखवायचं नव्हतं. मला दाखवलं. सगळा जीव त्यांचा त्या पोटात होता.

मालकांनी घोडी उभी केली माळाच्या दक्षिणेच्या टोकाला, तोंड उत्तरेकडे, डोंगराकडे. वेळ धरली सकाळची. सूर्य वर आल्यापासून हातभर चढेपर्यंत. चावी एकदा दिली की पेटी अर्धा मिनिट चाले. फिल्म मुंबईहून यायची, उधळून चालायचं नाही. म्हणून ते थोडं घेत, मग उजेड हलायची वाट बघत, पुन्हा थोडं घेत. नेमकी तीच आमची पाण्याहून परतायची वेळ. पहिल्या दिवशी जाऊबाई नेहमीसारख्या खिंडीतून बाहेर आल्या आणि बोलत बोलत माळ ओलांडायला लागल्या. तिकडून मालक ओरडले, "वहिनी, मधातून नको जाऊ, फिल्म वाया चालली." जाऊबाई हसत मागे फिरल्या. त्याले नुसतं रान पाह्यजे म्हणते, असं आम्हाला सांगितलं आणि आडेमागे येऊन उभ्या राहिल्या.

दुसऱ्या बायकांना तर ओरडायचीही गरज पडली नाही. कुणाला मालक भासरा लागत, कुणाला चुलत सासरा. पेटीला डोळा आहे आणि तो डोळा मालकांचा, एवढं त्यांना पुरेसं होतं. मालक पाणी प्यायला घरी आले आणि घोडी नुसती गोधडी पांघरून उभी असली तरी बायका तिच्यासमोरून जात नसत. चावडीसारखीच ती एक चावडी झाली. दोनच वाटा उरल्या. एक गावाला वळसा घालून खऱ्या चावडीवरून, डोक्यावर भरलेला गुंड, म्हणजे पितळी हंडा, कडेवर कळशी, आणि त्यातून वहाणा हातात घ्यायच्या तरी कशा? दुसरी, आडेमागे उभं राहायचं आणि मालकांचं होईपर्यंत थांबायचं. बहुतेकजणी थांबायच्या.

थांबणं म्हणजे काय ते सांगायला हवं. पितळी गुंड पाण्यानं भरला की तो डोक्यावर चढवायला दुसरी बाई लागते. उतरवायलाही लागते. आणि मालक केव्हा हात हलवून जा म्हणतील याचा नेम नाही. आता म्हणतील, मग म्हणतील. उतरवला की नेमकी तेव्हाच हाक यायची. म्हणून कुणी उतरवत नसे. सूर्य पाठीशी, समोर निवडुंग, मान ताठ, अशा आम्ही ओळीनं उभ्या असायचो. बोलायचं म्हटलं तर कुजबुजत, जणू पेटीला कानही होते.

मी मालकांना सांगितलं. एकदा नाही, पुष्कळदा. म्हटलं, घोडी थोडी वर सरकवा, नाहीतर आम्ही जाईपर्यंत खाली ठेवा, नाहीतर स्वतः येऊन बायकांना सांगा की जा म्हणून. ते म्हणाले, घोडी हलली की मागचं पुढचं जुळत नाही आणि उजेड कुणासाठी थांबत नाही. मग म्हणाले, "मी कुठं कोणाले अडवलं? जाऊ दे की ज्याले जायचं त्याले." त्यांचं म्हणणं खोटं नव्हतं, हीच त्यातली मेख. त्यांनी कुणाला अडवलं नव्हतं. वहिनीला एकदा हाक मारली, तेवढंच. बाकीचं काम गावानं पिढ्यान्‌पिढ्या आधीच करून ठेवलेलं होतं. मग मी जाऊबाईंच्या पोटाचं काढलं. म्हटलं, त्यांना असं ओझं घेऊन ताटकळत ठेवणं बरं नाही. मालकांना खरंच वाईट वाटलं. ते म्हणाले, वहिनीला सांग, काही दिवस पाण्याला येऊ नको. जसं काही पाणी आपल्या पायांनी चालत घरी येणार होतं. मी माझ्या खेपा करून जाऊबाईंच्याही करायला तयार होते, पण त्या ऐकतील तर शपथ. आणि मालकांविरुद्ध मी तोंड उघडलं की माझंच तोंड बंद करायच्या. त्याचं काम हाय, मोडू नाही, म्हणायच्या. त्यांना तर मालक लहान दीर, त्यांनी सरळ पेटीसमोरून चालत जायचं म्हटलं असतं तर गावात कुणी नाव ठेवलं नसतं. त्या थांबायच्या त्या मायेपोटी.

त्या सकाळी आम्ही सातआठजणी असू. जाऊबाई पुढे, त्यांच्यामागे मी. उन्हाळा लागलेला, सूर्य वर आल्याबरोबर पाठ भाजायला लागली होती. पलीकडून पेटीची खरखर सुरू झाली. माळावर इतकी शांतता असे की ती खरखर आडेच्या अलीकडे स्वच्छ ऐकू यायची. ती बंद झाली की जायचं, हे आम्हाला सवयीनं ठाऊक झालं होतं, म्हणून आमचे सगळ्यांचे कान तिकडे. जाऊबाई मान न वळवता म्हणाल्या, "मले कसंतरी होऊन राह्यलं व." मी म्हटलं, थांबा, धरते. पण माझ्या डोक्यावर माझा गुंड, कडेवर कळशी. मी कळशी टाकून हात पुढे करेपर्यंत त्या गुडघ्यांतून वाकल्या आणि खालीच बसल्या. गुंड सुटला. दगडांवर आपटत, ठणाणा करत तो उतारावरून थेट नाल्यापर्यंत गेला. तो आवाज गावात ऐकू गेला म्हणतात. आडेपलीकडची खरखर थांबली नाही. मागचीनं माझा गुंड उचलून घेतला, मी वाकून जाऊबाईंना धरलं, त्यांचं डोकं मांडीवर घेतलं, आणि ती खरखर माझ्या कानात चालूच होती. मग थांबली. आडेच्या अलीकडे कुणी आलं नाही.

आम्ही त्यांना उचलून घरी आणलं. माळावरून नाही, चावडीवरून, कारण सपाट रस्ता तोच. कुणी पदर घेतला नाही, कुणी वहाणा काढल्या नाहीत. पारावरच्या पुरुषांनी माना फिरवल्या, एवढी अक्कल त्यांना होती. संध्याकाळपर्यंत जाऊबाईंच्या कळा थांबल्या नाहीत. मूल दिवस भरण्याआधीच आलं. मुलगी होती. रडली नाही. सुईणीनं तिला जुन्या लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळलं. त्यानंतर जाऊबाईंना मूल झालं नाही.

मी असं म्हणत नाही की पेटीमुळेच पोर गेलं. पोटुशी असताना पाणी गावातल्या सगळ्याच बायका आणत. आधीची दोन गेली तेव्हा माळावर पेटी नव्हती. सासूबाईंनी नशिबाला बोल लावला, भासऱ्यांनी कुणालाच नाही. मालक ओसरीवर डोकं धरून बसले होते. मला म्हणाले, मला काही कळलंच नाही, माझं लक्ष डोंगराकडे होतं. मी विश्वास ठेवला. दूर बघणाऱ्याला जवळचं दिसत नाही, असली माणसं असतात, असं मनाशी धरलं. जाऊबाईंनी तर खाटेवरूनच त्यांची बाजू घेतली. त्याले काय मालूम, तो तिकडून, आपून इकडून. मालक त्यांच्या पायाशी बसून रडले. खोटं रडले असं मी आजही म्हणणार नाही.

पुढचे कितीतरी महिने ते फिल्मचे तुकडे उजेडाला धरून बघत, कापत, डिंकासारखं काहीतरी लावून जोडत. आम्हाला दाखवायची सोय नव्हती, गावात वीज कुठली? तेव्हा वऱ्हाड मध्य प्रांताला जोडलेला, मोठं काही करायचं तर नागपूर गाठायचं. तिथल्या कलेच्या हौशी लोकांनी मालकांना बोलावलं, आणि मालक मला घेऊन गेले. मलकापूरहून आगगाडी. एका वकिलाच्या बंगल्यातला दिवाणखाना, भिंतीवर पांढरी चादर, पुढे खुर्च्यांवर पुरुष, मागे सतरंजीवर आम्ही पाचसहा बायका. वर पंखा. जाऊबाईंनी मला बजावून पाठवलं होतं की सगळं नीट बघ आणि येऊन सांग. त्यांना फार कौतुक होतं.

दिवे गेले. चादरीवर आमचं रान आलं. रंग नव्हता, आवाज नव्हता, पण आमचंच रान. आडव्या फटीतून नुसता डोंगराचा कणा दिसला, मग उभ्या खिडकीतून गवताचा एक पट्टा. माझ्या काजळीच्या कडा मला ओळखू येत होत्या. खोटं कशाला बोलू, ते सुंदर होतं. मग पुठ्ठा गेला आणि सगळा माळ उघडा दिसला. उगवतीचं ऊन आडवं आलेलं. उजवीकडून माळावर सावली पडली होती, खाली निवडुंगाची दाट, दातेरी सावली, आणि तिच्यातून ओळीनं पुढे आलेल्या सातआठ लांब सावल्या. बारीक खोड आणि टोकाला गोल घेर. माझ्यापुढचे गृहस्थ शेजाऱ्याला म्हणाले, वा, काय झाडं आहेत.

मला क्षणभर खरंच झाडं दिसली. मग एका झाडाला कोपर दिसलं. कडेवर कळशी असली की माझं उजवं कोपर असं बाहेर येतं, सासूबाई त्यावरून मला टोमणे मारत. ती मी होते. माझ्यापुढची सावली थोडी बुटकी, मध्ये रुंद. झाडं स्तब्ध उभी होती, लोकही स्तब्ध बसले होते. आणि ती माझ्यापुढची सावली हलली, आखूड झाली आणि निवडुंगाच्या सावलीत बुडून गेली. मागोमाग माझी वाकली. जिथं आम्ही होतो तिथं नुसतं ऊन आलं. पडद्यावर गवत हलत राहिलं, मला वाटलं बराच वेळ, आणि गुंडाचा आवाज नव्हता. दिवाणखान्यात कुणीतरी सुस्कारा सोडला.

दिवे लागल्यावर चहा आला. जाड चष्म्याचे एक गृहस्थ मालकांचा हात हातात घेऊन म्हणाले की निर्मनुष्य भूमीचं एकाकीपण इतकं कधी अंगावर आलं नव्हतं. दुसऱ्या कुणी विचारलं, ते झाड विरतं ते कसं साधलंत, ढगामुळे का? एका बाईंनी झाडं कोणती ते विचारलं. मालक हसले आणि म्हणाले, माळावर असं कधी कधी होतं. मला उठून सांगायचं होतं की रिकामं काही नव्हतं हो, आम्ही तिथं उभ्या होतो, पाणी घेऊन. मी पदर तोंडाशी धरला. एवढी जीभ चालणारी मी, बघा.

आम्ही परत निघालो. मलकापूरला उतरून बुलढाण्याच्या मोटारीची वाट बघत आम्ही पत्र्याच्या शेडखाली बसलो तेव्हा मी विचारलं की ती झाडं कोणती हे त्यांना माहीत आहे का. मालकांचा चेहरा खुलला. मला वाटलंच होतं तू ओळखशील, असं म्हणाले. मग उत्साहानं सांगायला लागले की पहिल्याच दिवशी पेटीच्या भिंगातून त्यांना त्या सावल्या दिसल्या होत्या. नुसत्या रानात जीव नव्हता, सावल्या आल्या आणि आला. म्हणूनच सकाळची वेळ सोडली नाही, घोडी हलवली नाही. मी विचारलं, "म्हणजे आम्ही तिथं ताटकळत हाओत हे तुमाले माहीत होतं?" ते माझ्याकडे असे बघायला लागले जणू मीच काहीतरी खुळ्यासारखं विचारलं. "मंग सावल्या कुठून आल्या असत्या?" म्हणाले.

ती एक सावली जाते, तीही माहीत होती का, असं मी म्हटलं. आता त्यांनी नजर खाली घातली. तो तुकडा फेकून द्यावा असं कितीदा मनात आलं, म्हणाले. पण तसा तुकडा पुन्हा मिळत नाही. मोटार आली. मी बायकांच्या बाकावर जाऊन बसले आणि बुलढाण्यापर्यंत डोळ्यांना पदर लावून होते. लोकांना वाटलं धूळ जाते.

घरी जाऊबाई वाट बघत होत्या. आल्या आल्या विचारायला लागल्या, आपला माळ दिसला का, लोक काय म्हणले, त्याले शाबासकी भेटली का? मी सगळं सांगितलं. सगळं. पुष्कळांनी मला नंतर म्हटलं की ते सांगायला नको होतं. का नको? ज्यांचं होतं त्यांनाच सांगितलं. त्या सुपात तुरीची डाळ निवडत होत्या. माझं बोलणं झालं तरी त्यांचा हात चालूच होता, खडे बाजूला, डाळ बाजूला.

संध्याकाळी मालक जेवायला बसले. मी चुलीपुढे, जाऊबाई वाढत होत्या. त्यांनी ताटात पिठलं वाढलं, कांदा फोडून ठेवला, आणि मग समोर उकिडव्या बसून साध्या आवाजात विचारलं, "तुले मी पडलेली दिसली व्हती, त मंग आला काऊन नाही?"

मालक कुणाशीही खोटं बोलले असते, वहिनीशी त्यांना जमलं नसतं. घास हातातच राहिला. म्हणाले, "वहिनी, चावी संपतच आली व्हती. तेवढी संपू देल्ली."

मी तव्यावरची भाकर उलटायची विसरले, ती करपली. मला वाटलं आता जाऊबाई उठतील, ताट भिरकावतील, निदान रडतील. मी असते तर परात डोक्यात घातली असती. त्या बसून होत्या. मालकांनी खाली बघत हातातला घास तोंडात घातला. मग दुसरा. समोरची भाकर त्यांनी संपवली, पिठल्याची वाटी बोटानं पुसली. जाऊबाई ताटाकडे बघत होत्या. मालकांच्या लहानपणापासून त्या ताटाकडे बघत आल्या होत्या, त्यांना दुसरं काय येत होतं?

"अर्धी देऊ का अजून?" त्यांनी विचारलं.

मालक म्हणाले, "दे."